यादीबाहेरचा मुलूख : १९३७ची निवडणूक, मुंबईचे विधिमंडळ आणि भोर-वेल्हे

१९३७च्या फेब्रुवारीत मुंबई प्रांताच्या विधानसभेसाठी मतदान झाले. नीरा नदीच्या दक्षिण काठावरच्या शिरवळचा सारा भरणारा शेतकरी त्यात मतदार होता. उत्तरेला, कात्रजच्या घाटाखालच्या खेड-शिवापूरचा शेतकरीही मतदार होता. या दोहोंच्या मधोमध, नीरा, वेळवंडी आणि गुंजवणी या नद्यांच्या खोऱ्यांत राहणाऱ्या माणसाला मात्र मत नव्हते. त्याने सारा थकवला होता किंवा तो अर्ज करायला विसरला होता, असे काही नव्हते. त्याचे गाव भोर संस्थानात होते, एवढेच.

पुण्याहून साताऱ्याला जाणारा प्रवासी एका दिवसात ब्रिटिश मुलखातून संस्थानी मुलखात आणि तिथून पुन्हा ब्रिटिश मुलखात जात असे. पीक तेच, बोली तीच, सोयरिकी दोन्हीकडे जुळलेल्या. तरी एका बाजूला प्रजा मतदार झाली आणि दुसऱ्या बाजूला रयतच राहिली. १९३७च्या निवडणुकीवर आपल्याकडे पुष्कळ लिहिले गेले आहे: काँग्रेसने सत्ता घ्यावी की नाही हा वाद, डॉ. आंबेडकरांच्या स्वतंत्र मजूर पक्षाचे यश, खेर मंत्रिमंडळाचे कायदे. त्या लिखाणात ही मधली पट्टी सहसा येत नाही. मला मात्र वाटते, की एखादे विधिमंडळ नीट समजून घ्यायचे असेल, तर त्यात कोण निवडून आले याबरोबरच त्याच्या यादीबाहेर कोण राहिले, हेही पाहिले पाहिजे. भोर आणि वेल्हे हे त्यासाठी फार बोलके उदाहरण आहे.

आधी संस्थानाची ओळख. राजाराम महाराजांच्या काळात शंकराजी नारायण यांना सचिवपद मिळाले आणि त्यांच्या घराण्याकडे मावळातला हा डोंगरी मुलूख आला. पुढे १८२०मध्ये पंतसचिवांचा इंग्रजांशी करार झाला. विसाव्या शतकाच्या आरंभी संस्थानचे क्षेत्रफळ ९२५ चौरस मैल आणि १९०१च्या शिरगणतीनुसार लोकसंख्या १,३७,२६८ होती. विचित्रगड, राजगड, प्रचंडगड, पवनमावळ आणि सुधागड हे त्याचे पाच तालुके. विचित्रगड म्हणजे रोहिडा आणि प्रचंडगड म्हणजे तोरणा. आजचा वेल्हे तालुका, ज्याला आता राजगड हे नाव मिळाले आहे, तो मुख्यतः राजगड आणि प्रचंडगड या दोन गडांच्या छायेतला. सुधागड मात्र घाटाखाली, कोकणात. शिवकाळाचा आरंभ जिथे झाला, तो हा प्रदेश. स्वराज्य हा शब्द त्याला नवा नव्हता. मतपत्रिका नवी होती, आणि ती त्याच्यापर्यंत आलीच नाही.

१९३५च्या कायद्याने प्रांतांना स्वायत्तता दिली. मुंबईत दोन सभागृहे आली. खालच्या विधानसभेत १७५ जागा होत्या आणि त्यांची वाटणी फार बारकाईने केलेली होती. ११४ सर्वसाधारण जागा. त्यांतल्या १५ त्या काळच्या भाषेत ‘दलित वर्गां’साठी आणि ७ मराठ्यांसाठी राखीव. मुसलमानांना २९, मजुरांना ७, व्यापार-उद्योगाला ७, स्त्रियांना ६, युरोपियनांना ३, भारतीय ख्रिस्ती समाजाला ३, अँग्लो-इंडियनांना २, जमीनदारांना २, विद्यापीठाला १ आणि मागास टापू व जमातींना १. कायद्याची अनुसूची चाळताना मला याचे नेहमी नवल वाटते, की समाजाचे इतके कप्पे मोजून काढणाऱ्या त्या मसुदाकारांना नकाशातला हा कप्पा मोजायचा नव्हता. त्यांच्या लेखी तो प्रांतातच नव्हता.

मताचा हक्क प्रांतातही सर्वांना नव्हता, हे विसरून चालणार नाही. सारा, घरभाडे, आयकर, शिक्षण, लष्करातली नोकरी अशा कसोट्या होत्या. ब्रिटिश हिंदुस्थानातल्या लोकसंख्येपैकी साधारण सातव्या हिश्श्यालाच मत होते. तेव्हा खेड-शिवापूरचा भूमिहीन मजूर आणि भोरचा भूमिहीन मजूर यांच्यात त्या दिवशी फारसा फरक नव्हता. फरक होता तो पुढच्या वाटेत. प्रांतातल्या मजुराला आज मत नसले, तरी उद्या मिळावे म्हणून भांडता येईल असे सभागृह होते. संस्थानातल्या माणसाची मागणी ज्या दारात न्यायची, ते दार राजवाड्याचे होते. प्रांतिक संस्था कायद्याने निर्माण झाल्या होत्या. संस्थानी संस्था राजाच्या इच्छेने निर्माण होत, आणि त्याच इच्छेवर त्यांचे आयुष्य अवलंबून असे.

निकाल लागला तेव्हा काँग्रेस निम्म्या जागांच्या उंबरठ्यावर होती. राज्यपालांच्या विशेषाधिकारांचा वाद मिटेपर्यंत धनजीशा कूपर यांचे अल्पमतातले मंत्रिमंडळ चालले. जुलै १९३७मध्ये बाळासाहेब खेर पंतप्रधान झाले. प्रांताच्या प्रमुखाला तेव्हा हेच नाव होते. गणेश वासुदेव मावळंकर विधानसभेचे अध्यक्ष झाले. मंत्र्यांत कन्हैयालाल मुनशी, मोरारजी देसाई, डॉ. गिल्डर, नुरी, लक्ष्मण माधव पाटील आणि अर्थखात्यासाठी अण्णासाहेब लठ्ठे होते. लठ्ठे पूर्वी कोल्हापूरचे दिवाण होते. संस्थानी कारभार आतून पाहिलेला माणूस या मंत्रिमंडळात होता. संस्थानी प्रजेचा प्रतिनिधी असा त्या सभागृहात कोणी नव्हता.

पावसाळी अधिवेशन पुण्यात, कौन्सिल हॉलमध्ये भरे. भोरपासून ही इमारत पन्नास-पंचावन्न किलोमीटरवर. १७ सप्टेंबर १९३७ रोजी डॉ. आंबेडकरांनी खोतीपद्धत रद्द करण्याचे विधेयक याच अधिवेशनात मांडले. खोती हा कोकणचा प्रश्न, आणि भोरचा सुधागड तालुका कोकणातच होता, कुलाबा जिल्ह्याला लागून. ते विधेयक मंजूर झाले असते, तरी सुधागडच्या वेशीवर येऊन थांबले असते. १९३८चा लहान शेतकऱ्यांना संरक्षण देणारा कायदा, १९३९चा कूळ कायदा आणि त्याच वर्षीचा शेतकरी कर्जनिवारण कायदा यांचीही हद्द तीच. हे कायदे प्रांतातसुद्धा लगोलग अंमलात आले नाहीत. नोव्हेंबर १९३९मध्ये मंत्रिमंडळाने राजीनामा दिला आणि कूळ कायदा आधी काही जिल्ह्यांपुरताच लागू झाला. तरी पुणे जिल्ह्यातले कूळ निदान म्हणू शकत होते, की कायदा झाला आहे, तो आम्हाला लावा. भोरच्या कुळाला हे म्हणता येत नव्हते.

इथवरची गोष्ट कोणत्याही संस्थानाला लागू पडेल. भोरची गोष्ट वेगळी होते ती पाण्यामुळे.

भोरजवळ भाटघर येथे वेळवंडी नदीवर इंग्रजांनी एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस धरण बांधले. त्याच्या जलाशयाला व्हाइटिंग या अभियंत्याचे नाव होते. इम्पीरियल गॅझेटियरने हा तलाव भोर संस्थानातला म्हणूनच नोंदवला आहे. नीरेच्या डाव्या कालव्याला त्याने पाणी पुरवले आणि पुरंदर, बारामती, इंदापूरकडचा दुष्काळी माळ भिजू लागला. १९२०च्या दशकात खालच्या बाजूला त्याहून फार मोठे धरण उभे राहिले. गव्हर्नर लॉइड यांच्या नावाने ते ओळखले गेले. आज जलाशयाला येसाजी कंकांचे नाव आहे. त्याच्या जोरावर उजवा कालवा निघाला आणि फलटण, माळशिरसपर्यंत ऊस गेला. फलटणही संस्थानच, तेव्हा पाण्याचा लाभ केवळ ब्रिटिश मुलखालाच झाला, असे म्हणता येणार नाही. पण बुडीत क्षेत्र भोरकडे आणि भिजणारे क्षेत्र बहुतांश बाहेर, ही वाटणी स्पष्ट होती. नदीकाठची भातखाचरे, म्हणजे डोंगरी गावाची सगळ्यात चांगली जमीन, तीच पाण्याखाली जाते. शेजारच्या मुळशीत १९२१मध्ये टाटांच्या धरणाविरुद्ध सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रह झाला आणि तो महाराष्ट्राच्या स्मरणात राहिला. वेळवंडी खोऱ्याच्या वाट्याला तसे स्मरण आले नाही.

आता १९३७कडे पुन्हा पाहू. १९१९च्या सुधारणांत पाटबंधारे हे खाते राखीव होते. गव्हर्नर आणि त्यांचे कार्यकारी मंडळ ते पाही. १९३५च्या कायद्याने पाणी, पाटबंधारे आणि कालवे प्रांतिक सूचीत आले आणि लोकांनी निवडलेल्या मंत्र्याच्या हाती गेले. याचा अर्थ असा, की १९३७पासून भाटघरच्या पाण्याचा हिशेब, पाणीपट्टी आणि वाटप यांसाठी मुंबईच्या विधानसभेला जबाबदार असलेल्या मंत्र्याला जाब विचारता येऊ लागला. बारामतीच्या बागायतदाराचा आमदार हा प्रश्न विचारू शकत होता. ज्याचे खाचर तळाशी गेले, त्या भोरच्या शेतकऱ्याला आमदारच नव्हता. लोकशाही आली आणि तिने अन्याय दूर करण्याऐवजी एका बाजूचे वजन वाढवले, असे म्हणण्याची वेळ इथे येते. गव्हर्नरच्या काळात या खात्याच्या निर्णयांवर दोन्ही बाजूंचा ताबा नव्हता. आता एका बाजूला तो मिळाला.

प्रांताला या मुलखाबद्दल काही करता आले असते का? १९३०च्या दशकाच्या प्रारंभापर्यंत भोर पुणे एजन्सीत होते आणि पुण्याचे कलेक्टर राजकीय प्रतिनिधी म्हणून मुंबई सरकारच्या वतीने संस्थानाशी व्यवहार पाहत. नंतर दक्षिणी संस्थानांची वेगळी एजन्सी झाली, तिचा रेसिडेंट कोल्हापूरला बसू लागला आणि संबंध थेट दिल्लीशी जोडले गेले. म्हणजे मुंबईचे सरकार लोकांच्या हाती जाण्याआधीच त्याच्या हातातली ही दोरी काढून घेतली गेली. लोकनियुक्त मंत्र्यांचा हात संस्थानांपर्यंत पोहोचू नये, ही राजेलोकांची इच्छा होती आणि सार्वभौम सत्तेच्या सोयीचीही होती. १९२९च्या बटलर समितीच्या अहवालाने राजांच्या संमतीवाचून त्यांना लोकनियुक्त सरकारच्या हवाली करू नये, असे आधीच सुचवले होते.

केंद्रासाठी जी संघराज्याची योजना होती, तिच्यातही हीच रीत होती. संघीय सभेच्या ३७५ जागांपैकी १२५ संस्थानांना होत्या, आणि त्या भरायच्या होत्या राजांनी. प्रजेला मोजून जागा ठरल्या. भरताना प्रजेला विचारायचे नव्हते. पुरेशी संस्थाने सामील झाली नाहीत आणि महायुद्ध आले, त्यामुळे ती योजना कागदावरच राहिली.

काँग्रेसची भूमिकाही सरळ नव्हती. फेब्रुवारी १९३८च्या हरिपुरा अधिवेशनात ठरले, की संस्थानी प्रजेने आपला लढा आपल्या संघटनांमार्फत लढवावा. काँग्रेसच्या नावाने तिथे चळवळ चालवू नये. त्यामागे धोरण होते, नाइलाजही होता. पण संस्थानातल्या कार्यकर्त्याला त्याचा अर्थ एवढाच कळला, की नदीपलीकडे राज्यावर असलेला पक्ष अलीकडे पाहुणा आहे. १९२७मध्ये मुंबईत स्थापन झालेली अखिल भारतीय संस्थानी प्रजा परिषद हेच मग त्याचे व्यासपीठ. सांगलीचे ग. र. अभ्यंकर यांच्यासारख्या अभ्यासकांनी संस्थानी प्रजेची बाजू कायद्याच्या भाषेत मांडली. १९३९च्या फेब्रुवारीत लुधियानाला पंडित नेहरूंच्या अध्यक्षतेखाली परिषद भरली, आणि वीस लाख लोकसंख्या किंवा पन्नास लाख रुपये उत्पन्न नसलेली संस्थाने शेजारच्या प्रांतात विलीन करावीत, असा विचार तिथे पुढे आला. दीड लाखाच्या आसपासचे भोर त्या मापात कुठेच बसत नव्हते. ज्या प्रांताच्या यादीत नाव नव्हते, त्याच प्रांतात मिळून जाणे हा उपाय आता उघड बोलला जाऊ लागला.

दुसरा एक मार्ग शेजारीच दिसत होता. औंधचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी यांनी २१ जानेवारी १९३९ रोजी, महात्मा गांधींच्या सल्ल्याने तयार झालेली राज्यघटना लागू करून सत्ता ग्रामपंचायतींच्या पायावर लोकांकडे सोपवली. अप्पासाहेब पंत आणि मॉरिस फ्रीडमन यांचा त्यात मोठा वाटा होता. मुंबईच्या विधानसभेत सारा भरणाऱ्यांची वरून खाली येणारी लोकशाही होती. औंधात गावापासून वर जाणारी. दोन्ही प्रयोग एकाच काळात, एकाच भाषेत, शेजारी शेजारी चालले होते. औंधचा प्रयोग संस्थानाबरोबर संपला आणि मुंबईचा साचा टिकला. तो टिकला म्हणून अधिक चांगला होता, असे मी म्हणणार नाही.

८ मार्च १९४८ रोजी इतर दक्षिणी संस्थानांबरोबर भोर मुंबई प्रांतात विलीन झाले. भोर आणि वेल्हे पुणे जिल्ह्यात आले, सुधागड कुलाब्यात गेला. राजवट संपली, सरहद्द पुसली गेली. इथे एक गोष्ट सहसा नजरेतून सुटते. त्या दिवशी मुंबईत जी विधानसभा होती, ती १९४६मध्ये, जुन्याच मर्यादित मताधिकारावर निवडलेली. भोरकरांनी तिच्यासाठी मत दिलेले नव्हते. तरी त्यांच्यावर आता तिचे कायदे लागू होणार होते. आणि त्याच सभागृहाने १९४८चा मुंबई कूळवहिवाट व शेतजमीन कायदा केला, ज्याने मावळातल्या कित्येक कुळांच्या आयुष्याला वळण दिले. आधी दहा वर्षे चांगले कायदे नदीपलीकडे थांबले, कारण यादीत नाव नव्हते. मग चांगला कायदा आला, तोही यादीत नाव नसतानाच. कायद्याचे फळ हाती पडणे आणि तो करण्यात आपला वाटा असणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे या चार वर्षांइतके स्पष्ट मला दुसरीकडे दिसले नाही.

ही विसंगती आपल्याच देशापुरती नव्हती. कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबिया प्रांतात लाकडाच्या गिरण्यांत राबणाऱ्या हिंदी लोकांचा, मुख्यतः पंजाबी शिखांचा, मताधिकार १९०७मध्ये काढून घेण्यात आला होता. त्या प्रांतात निवडणुका होत, सरकारे बदलत, कायदे होत. कर भरणारा हा माणूस यादीबाहेर. त्याला मत परत मिळाले १९४७मध्ये. तिथल्या मूळ रहिवाशांना त्याच प्रांतात १९४९मध्ये मिळाले, आणि क्यूबेक प्रांतात १९६९मध्ये. तिथे वंशाची भिंत होती, इथे संस्थानी हद्दीची. दोन्हीकडे प्रांतिक निवडणुकीचे आकडे बाहेर राहिलेल्यांना धरून वाचले, तर त्यांचा अर्थ बदलतो.

१९५२च्या जानेवारीत भोर आणि वेल्ह्याने मुंबईच्या विधानसभेसाठी पहिल्यांदा मत दिले. एकवीस वर्षांवरच्या प्रत्येकाला मत. सारा नको, मॅट्रिक नको. प्रत्येक उमेदवाराची वेगळी पेटी, तिच्यावर चिन्ह. ३१५ जागांच्या त्या सभागृहात काँग्रेसला २६९ मिळाल्या. शिरवळच्या खातेदाराने १९३७मध्ये मत दिल्यावर पंधरा वर्षांनी तोरण्याच्या पायथ्याची अक्षर न ओळखणारी बाईसुद्धा त्याच्या बरोबरीने उभी राहिली. तिच्या एका मताची किंमत त्याच्याइतकीच. विलीन मुलखातल्या जहागिरी रद्द करणारा १९५३चा कायदा याच विधिमंडळाचा. १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरवून कुळांना मालक मानणारी दुरुस्तीही याच सभागृहाच्या कारकिर्दीतली.

कथा इथे गोड शेवटाला यावी, असे कोणालाही वाटेल. पण मत मिळाल्यावरही पाण्याची दिशा बदलली नाही. वेल्ह्यात आंबी नदीवर पानशेत झाले, मोसे नदीवर वरसगाव झाले. भोरमध्ये नीरा-देवघर, वेल्ह्यात गुंजवणी. १२ जुलै १९६१ला पानशेत फुटले, त्याची आठवण पुणे दरवर्षी काढते आणि ते योग्यच आहे. त्या धरणाखाली गेलेल्या वेल्ह्यातल्या गावांची आठवण तितक्या मोठ्याने निघत नाही. प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाचा पहिला कायदा महाराष्ट्राने १९७६मध्ये केला. तोवर पानशेतचे पाणी कितीतरी पावसाळे भरून गेले होते.

याचे कारण साध्या अंकगणितात आहे. मत सर्वांना सारखे असले, तरी जागा डोक्यांवर ठरतात आणि डोंगरात डोकी कमी. २०११च्या जनगणनेत वेल्हे तालुक्याची लोकसंख्या सुमारे साडेचोपन्न हजार होती. आज भोर विधानसभा मतदारसंघ भोर, वेल्हे आणि मुळशी हे तीन तालुके मिळून बनतो. पाणी साठवणारे तीन डोंगरी तालुके मिळून एक आमदार, आणि पाणी वापरणाऱ्या शहराला व मैदानाला त्याहून किती तरी अधिक. १९३७मध्ये अन्याय यादीत होता. तो दाखवता येत होता. आताचा असमतोल कायदेशीर आहे, न्याय्य सूत्रातूनच निघालेला आहे, म्हणून तो दाखवणे अवघड.

तरी दोन्ही काळ सारखेच, असे म्हणणे मोठी चूक ठरेल. २००८च्या पुनर्रचनेनंतर भोर विधानसभा मतदारसंघ बारामती लोकसभा मतदारसंघात आहे. पुरंदर, बारामती आणि इंदापूरही त्यातच. म्हणजे भाटघरचे पाणी जिथे अडते आणि डाव्या कालव्याने जिथे पोहोचते, ती दोन्ही टोके आज एकाच उमेदवाराला मत देतात. १९३७मध्ये बारामतीच्या उमेदवाराला भोरमध्ये येऊन हात जोडण्याचे कारण नव्हते. आता त्याला घाट चढून यावे लागते, आणि वेळवंडीच्या काठचा माणूस त्याला तोंडावर विचारू शकतो, की आमच्या उशाशी धरण असून उन्हाळ्यात आमच्या वाडीला टँकर का? उत्तर मिळेलच असे नाही. पण हा प्रश्न विचारण्याचा हक्क या मुलखाला मिळायला १९३७नंतरही पंधरा वर्षे जावी लागली, हे भोर-वेल्ह्याच्या नव्या मतदाराला ठाऊक असावे, असे मला वाटते.